धृती कोणती?
समुद्रतळीच्या धनाचा शोध घेणाऱ्या एका गृहस्थाच्या चरित्राचे मनन

विषयप्रवेश

गीतेच्या अठराव्या अध्यायात बुद्धीचे तीन प्रकार सांगून झाल्यावर भगवंत धृतीचे तीन प्रकार सांगतात. ‘धृ’ या धातूचा अर्थ धरणे असा आहे. ज्या शक्तीने मनुष्य एखादी गोष्ट धरून ठेवतो, संकटे आली तरी सोडीत नाही, ती धृती होय. व्यवहारात आपण तिला चिकाटी, नेट, धीर, निर्धार अशा नावांनी ओळखतो आणि त्या सर्व नावांनी तिची स्तुतीच करतो. मुलांना आपण चिकाटीच्या गोष्टी सांगतो व शेवटी यश मिळाले की गोष्ट संपवितो.

परंतु भगवंतांनी धृतीची अशी सरसकट स्तुती केलेली नाही. मन, प्राण आणि इंद्रिये यांच्या क्रिया अढळ योगाने आवरून धरणारी ती सात्त्विक. धर्म, काम आणि अर्थ यांना फलाच्या इच्छेने व आसक्तीने धरून ठेवणारी ती राजस. झोप, भय, शोक, खेद आणि मद यांना दुर्बुद्धीने कवटाळून बसणारी ती तामस. या विभागणीतील मर्म ध्यानी घेण्याजोगे आहे. धृती कोणत्या प्रकारची हे तिच्या बळावरून ठरत नाही. राजस धृतीचे बळ कित्येकदा डोंगराएवढे असते. धृतीचा प्रकार ठरतो तो तिने काय धरले आणि कोणत्या भावनेने धरले यावरून.

हा भेद नुसत्या व्याख्येने मनात ठसत नाही. म्हणून आजच्या पाठासाठी एक चरित्र घेतले आहे. ते साधुसंताचे नाही, आपल्या देशातील मनुष्याचेही नाही. ते अमेरिकेतील मेल फिशर नावाच्या एका संसारी गृहस्थाचे आहे. बुडालेल्या जहाजांतील धन शोधणे हाच त्याने आपला धंदा केला, आणि एका जहाजाच्या शोधात आयुष्याची सोळा वर्षे घातली.

जहाज कसे बुडाले

प्रथम ते जहाज व त्यातील धन यांविषयी थोडे सांगितले पाहिजे. सतराव्या शतकात दक्षिण अमेरिकेचा मोठा भाग स्पेनच्या राजाच्या ताब्यात होता. आजच्या बोलिव्हियातील पोतोसी येथील खाणींतून अपार चांदी निघे. ती काढण्यासाठी तेथील मूळच्या रहिवाशांना पाळीपाळीने सक्तीने खाणीत उतरविले जाई. त्यांतील कित्येक परत आले नाहीत. ही चांदी, कोलंबियाचे पाचू, सोने, तांबे, नीळ आणि तंबाखू असा माल दरसाल जहाजांच्या ताफ्यातून स्पेनला जाई. राजा कर्जबाजारी होता व युद्धांत गुंतलेला होता. त्याला त्या चांदीची घाई होती.

इ. स. १६२२ मध्ये ताफ्याला निघण्यास उशीर झाला आणि तुफानांचे दिवस उजाडले. ४ सप्टेंबर रोजी २८ जहाजांनी क्यूबातील हवाना बंदर सोडले, आणि दोनच दिवसांत त्यांना फ्लॉरिडाच्या दक्षिणेकडील प्रवाळबेटांजवळ तुफानाने गाठले. ‘न्वेस्त्रा सेन्योरा दे आतोचा’ नावाचे जहाज २० पितळी तोफा घेऊन ताफ्याच्या पिछाडीस रक्षणार्थ चालले होते. रक्षक जहाज म्हणून विश्वासाने सर्वांत मोलाचा माल त्यावरच चढविलेला होता. केवळ चांदीच सुमारे २४ टन होती. ते खडकावर आदळून बुडाले. जहाजावरील २६५ जणांपैकी डोलकाठीच्या बुंध्याला बिलगून राहिलेले पाच जण तेवढे वाचले. त्या पाचांत दोघे गुलाम होते. राजाच्या धनाचा रक्षक बुडाला आणि ज्यांच्या नावावर स्वतःचे शरीरदेखील नव्हते ते दोघे तरले, हा योगायोग वाचकाने क्षणभर मनात ठेवावा.

स्पेनच्या लोकांना जहाज ५५ फूट पाण्यात सापडले, पण त्याची झडपे घट्ट बंद असल्याने आत शिरता आले नाही. साधने घेऊन परत येईतो ५ ऑक्टोबरला दुसरे तुफान झाले व त्याने जहाजाची शकले केली. वरचा भाग वाहत गेला. जड माल भरलेला तळ कोठे राहिला हे मग कोणासही कळेना. पुढे काही वर्षे शोध झाला. १६२६ मध्ये मेलियान नावाच्या एका अधिकाऱ्याने पितळी घंटेसारख्या उपकरणात पाणबुडे बसवून ‘मार्गारीता’ या सोबतच्या जहाजातील पुष्कळ चांदी काढली. ‘आतोचा’ मात्र सापडले नाही. ते साडेतीन शतके तसेच पडून राहिले.

कोंबड्यांच्या धंद्यापासून समुद्रतळापर्यंत

मेल फिशरचा जन्म १९२२ साली इंडियाना संस्थानात झाला. त्याने स्थापत्याचे शिक्षण घेतले व दुसऱ्या महायुद्धात सैन्यात काम केले. नंतर तो कॅलिफोर्नियात कोंबड्या पाळू लागला. पाण्याखाली श्वास घेण्याची साधने तेव्हा नवी होती. त्याने प्रथम कोंबड्यांच्याच वाड्यात व पुढे समुद्रकाठी त्या साधनांचे दुकान घातले. १९५३ साली त्याने डोलोरेस हिच्याशी विवाह केला. ही बाईही त्याच्याबरोबर समुद्रात उतरे. १९५९ साली तिने पन्नास तासांहून अधिक काळ पाण्याखाली राहून विक्रम केला. घरातील मुले पोहत पोहतच मोठी झाली.

१९६३ साली फिशरने दुकान विकले व तो कुटुंबासह फ्लॉरिडाला आला. १७१५ साली तेथे बुडालेल्या दुसऱ्या एका ताफ्याच्या शोधात त्याने वर्षभर वेतनाशिवाय काम करण्याचे पत्करले. नौकेच्या पंख्याचा प्रवाह वाकविलेल्या मोठ्या नळांतून खाली सोडावा, म्हणजे वरचे स्वच्छ पाणी गढूळ तळाशी पोहोचेल, अशी युक्ती त्याने काढली. त्या प्रवाहाने तळाची वाळूही उसळून बाजूस झाली. १९६४ साली अशाच एका खड्ड्यात सुमारे एक हजार सोन्याची नाणी पसरलेली दिसली. ज्याला एकदा असे दृश्य दिसते त्याचे मन पुन्हा पूर्वीसारखे राहत नाही. पुढील सारे चरित्र या एका खड्ड्यातून निघाले असे म्हणता येईल.

१९६९ साली त्याने ‘आतोचा’चा शोध हाती घेतला. रोज सकाळी तो आपल्या माणसांना एकच वाक्य म्हणे, ‘आजचाच तो दिवस.’ हे वाक्य त्याने सोळा वर्षे म्हटले.

एका नावाचा अर्थ

पहिली दोन वर्षे सर्वस्वी वाया गेली. जुन्या कागदांत जहाज ‘मातेकुंबे’ बेटांजवळ बुडाल्याचा उल्लेख होता. आजच्या नकाशात त्या नावाची बेटे आहेत. सर्व शोधक तेथेच वाळू उपशीत होते. युजीन लायन नावाचे इतिहासाचे अभ्यासक स्पेनमधील सेव्हिल येथील दप्तरखान्यात जुने कागद वाचीत होते. वाळवीने खाल्लेल्या व जुन्या वळणाच्या अक्षरांत लिहिलेल्या त्या कागदांत मेलियानच्या कामाचा हिशेब निघाला. त्यात ठिकाण दिले होते ते ‘मार्केसची बेटे’ असे. मार्केस म्हणजे ताफ्याचा प्रमुख सरदार. धन काढण्यासाठी त्याने ज्या बेटांवर तळ ठोकला त्यांना त्याचे नाव पडले होते. ती बेटे मातेकुंबेहून पश्चिमेस सुमारे शंभर मैलांवर आहेत. सतराव्या शतकात ‘मातेकुंबे’ हे नाव त्या सबंध बेटमाळेस सैलपणे लावीत असत. पुढे ते दोन बेटांपुरते आकुंचित झाले.

प्रस्तुत लेखक भाषांतराचा व्यवसाय करतो, म्हणून त्यास या ठिकाणी थोडे थांबावेसे वाटते. शब्द तोच राहतो व त्याची व्याप्ती बदलते. आजचा अर्थ जुन्या ग्रंथावर लादला की वाचक शंभर मैल दूर खणीत बसतो, आणि खणण्याचा आवेश जितका मोठा तितकी चूक खोल जाते. ‘धृती’ या शब्दाचेही असेच झाले आहे. त्याला आजच्या ‘चिकाटी’च्या मापात बसविले की भगवंतांनी तीन प्रकार का केले हेच कळेनासे होते.

फळ आणि त्याचे मोल

लायन यांच्या शोधानंतर फिशर योग्य जागी आला. १९७१ साली एक नांगर व सोन्याची साखळी मिळाली. १९७३ साली चांदीची हजारो नाणी निघाली. चांदीच्या लगडीही निघाल्या आणि त्यांवरील अंक सेव्हिलमधील मालाच्या यादीशी जुळले. जहाज तेच, याविषयी शंका उरली नाही. पण त्याचा मुख्य तळ दिसेना. पैसा भागीदारांकडून उभा केला जाई, तो संपे, आणि माणसांना कित्येक आठवडे वेतन मिळत नसे. तरीही पुष्कळ जण टिकून राहिले. १९७३ सालीच एका छायाचित्रकाराचा लहान मुलगा नौकेच्या पंख्यात सापडून दगावला.

१३ जुलै १९७५ रोजी फिशरचा मुलगा डर्क यास समुद्रतळाशी पितळी तोफा दिसल्या. पुढे मोजता त्या नऊ भरल्या. सहा वर्षांत एवढी मोठी खूण मिळाली नव्हती. घरात आनंदीआनंद झाला. बरोबर एका आठवड्याने, २० जुलैच्या पहाटे, डर्कची नौका नांगरलेली असता तिच्यात पाणी शिरले व ती उलटली. डर्क, त्याची पत्नी आणि एक सहकारी पाणबुड्या असे तिघे आत झोपले होते. ते तिघेही गेले.

मातापित्यांनी शोध थांबविला नाही. डर्कची तीच इच्छा होती असे त्यांना वाटले. त्यानंतर फ्लॉरिडा सरकारशी मालकीचा तंटा थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला व १९८२ साली निकाल फिशरच्या बाजूने लागला. त्याआधी १९८० साली ‘मार्गारीता’चे अवशेष हाती आले होते. शेवटी धाकटा मुलगा केन याच्या नौकेवरील पाणबुड्यांना ५५ फूट पाण्यात चांदीच्या लगडींची रास दिसली. केनने किनाऱ्यावर निरोप पाठविला की आता नकाशे गुंडाळून ठेवा. तो दिवस होता २० जुलै १९८५. डर्कला जाऊन त्या दिवशी बरोबर दहा वर्षे झाली होती. निघालेल्या मालाची किंमत चाळीस कोटी डॉलरांच्या वर धरली गेली.

या तिथीच्या योगायोगावर दोन प्रकारची भाष्ये ऐकू येतात. कोणी म्हणतो, पुत्राचा बळी लोभामुळे गेला, ही दैवाने दिलेली शिक्षा. असे म्हणणे शास्त्राला धरून नाही आणि त्यात दयाही नाही. समुद्रावर नौका उलटतात. त्यांत लोभी बुडतात, मासे मारून पोट भरणारा गरीब कोळीही बुडतो. दुसऱ्याच्या शोकातून आपल्या सिद्धांताला पुरावा काढणे हे विचारी माणसाचे काम नव्हे. दुसरा कोणी म्हणतो, पाहा, शेवटी मिळालेच ना? चिकाटीला फळ येतेच. हे भाष्य पहिल्याहून गोड, पण तितकेच पोकळ आहे. फिशरइतकीच वर्षे समुद्रतळ उपसून रिकाम्या हाताने परतलेल्यांची चरित्रे कोणी लिहीत नाही. शिवाय लगडी सापडल्या म्हणून दहा वर्षांपूर्वीची पहाट उलटी फिरत नाही. त्या घरात २० जुलै हा दिवस कायमचा दोन्ही झाला.

भगवंतांचे विवेचन या दोन्ही भाष्यांच्या मधून वाट काढते. फिशरची धृती प्रचंड होती, निष्कपट होती, हसतमुख होती. माणसांना तिने धरून ठेवले, नवी साधने शोधली, अपयशाने ती खचली नाही. पण ती अर्थाला फलेच्छेने धरून होती, म्हणून ती राजस. राजस म्हणजे निंद्य असा अर्थ येथे करू नये. संसार बहुतांशी राजस धृतीवरच चालतो. मात्र तिचे एक लक्षण विसरता कामा नये. आपली किंमत किती हे तिला स्वतःला कधी दिसत नाही. ‘आजचाच तो दिवस’ म्हणणाऱ्याला आजचा दिवस उद्याच्या राशीसाठी खर्च होत असतो, आणि तो खर्च त्याच्या एकट्याच्या खात्यावर पडत नाही. तो पत्नीच्या, मुलांच्या, वेतन थकलेल्या सोबत्यांच्या खात्यावर पडतो.

तामस धृतीचे उदाहरण

याच धंद्यातील दुसरे चरित्र थोडक्यात पाहू. १८५७ साली कॅलिफोर्नियाचे सोने घेऊन जाणारी ‘सेंट्रल अमेरिका’ ही आगबोट अटलांटिक महासागरात बुडाली व ४२५ माणसे मेली. टॉमी थॉम्पसन नावाच्या बुद्धिमान यंत्रज्ञाने १६१ भागीदारांकडून सुमारे १ कोटी २७ लाख डॉलर उभे केले आणि १९८८ साली दोन हजार मीटरांहून अधिक खोलीवरून ते सोने वर काढले. हा पराक्रम असामान्य होता. पण हिशेब मिळेना म्हणून भागीदार न्यायालयात गेले. २०१२ साली तो न्यायालयापुढे आला नाही व परागंदा झाला. २०१५ साली तो पकडला गेला. पाचशे सुवर्णनाणी कोठे आहेत हे सांगण्याची आज्ञा त्याने पाळली नाही, म्हणून त्याच वर्षाच्या अखेरीपासून त्याला बंदीत ठेवण्यात आले. सक्तीने उत्तर निघण्याची आशा उरली नाही असे म्हणून न्यायाधीशांनी २०२५ साली तो उपाय सोडून दिला. आपणास माहितीच नाही, असे त्याचे म्हणणे होते.

त्याच्या अंतःकरणात काय होते हे परमेश्वर जाणे. बाहेरून दिसणारी स्थिती मात्र मननीय आहे. सोने समुद्रातून वर आले आणि मनुष्य भिंतीआड गेला. भय आणि मौन यांना धरून बसणे ही धृतीच असते, पण तीत पुढे जाणे नसते.

जे बाजूस ठेवले गेले

आता एक लहानसा प्रसंग, जो या चरित्रातील सर्वांत मोलाचा वाटतो. १९७२ साली फिशरच्या पाणबुड्यांना ‘आतोचा’ शोधताना दुसऱ्याच एका जहाजाचे अवशेष लागले. त्यात सोने नव्हते. लोखंडी बेड्या होत्या. हे आपले जहाज नव्हे असे पाहून ते लोक पुढे गेले. १९८३ साली पुन्हा तेथे काम झाले तेव्हा घंटा सापडली व तिच्यावरील अक्षरांवरून जहाजाचे नाव कळले. ते ‘हेन्रिएटा मारी’ नावाचे इंग्रजी जहाज होते. आफ्रिकेतून धरून आणलेली माणसे जमैकात विकून परत जाताना १७०० साली ते बुडाले होते. ऐंशीहून अधिक बेड्यांचे जोड निघाले. त्यांत अगदी लहान मनगटांच्या मापाचेही होते.

या बेड्यांना बाजारात लगडींचा भाव नव्हता. तरी अभ्यासकांनी त्या एकेक करून स्वच्छ केल्या, मोजल्या, जहाजाचे जुने कागद शोधले. १९९३ साली आफ्रिकी वंशाच्या अमेरिकी पाणबुड्यांनी त्या जागी तळाशी एक स्मारकशिला ठेवली. तिचे तोंड आफ्रिकेकडे केले आहे. येथे काही काढावयाचे नव्हते, काही ठेवावयाचे होते. या कामाला सात्त्विक धृती असे पूर्णार्थाने म्हणता येणार नाही, कारण ती योगाची अवस्था आहे. पण तिची छाया या कामावर पडली आहे. हात तेच, पाणी तेच, साधने तीच; धरले ते मात्र निराळे.

आणि मग ‘आतोचा’च्या चांदीकडेही दृष्टी जाते. ती पोतोसीच्या खाणीत ज्यांनी काढली त्यांच्यापर्यंत तिच्यातील एकही नाणे पोहोचले नाही. राजाकडून समुद्राकडे, समुद्राकडून शोधकाकडे, त्याच्याकडून भागीदारांकडे व संग्रहालयाकडे असा तिचा प्रवास झाला. की वेस्ट येथील संग्रहालयात सोन्याची एक कांब अशी ठेवली होती की पाहणाऱ्याने हात घालून उचलून पाहावी. २०१० साली तीही चोरीस गेली. भागवताच्या एकादश स्कंधात अवंतीचा ब्राह्मण सांगतो की धन मिळविताना, राखताना, खर्चताना व गमावताना मनुष्याला श्रम व चिंताच भोगावी लागते. ते येथे पायरीपायरीने दिसते.

मेल फिशर १९ डिसेंबर १९९८ रोजी वारला. ‘आतोचा’चा मागील उंच भाग, ज्यात श्रीमंत प्रवाशांचा ठेवा असावा असे मानतात, त्याच्या हयातीत सापडला नाही. त्याच्या पश्चात कुटुंबाने शोध चालूच ठेवला.

मननासाठी

आपल्यापैकी कोणी समुद्रतळ उपशीत नाही. परंतु भावाशी जमिनीच्या बांधावरून तीन पिढ्या चाललेला दावा, सट्ट्यात गेलेले परत मिळविण्यासाठी पुन्हा लावलेला पैसा, मुलाने अमुकच व्हावे म्हणून घातलेला हट्ट, हे सारे घरोघरचे ‘आतोचा’ होत. वाचकांनी पुढील प्रश्नांवर आठवडाभर विचार करावा आणि शक्य तर घरातील माणसांसह करावा.

१. मी वर्षानुवर्षे जे धरून आहे ते नेमके काय आहे? त्याचे नाव एका शब्दात सांगता येईल काय?

२. माझ्या निर्धाराची किंमत कोण देत आहे? मी त्यास कधी विचारले आहे काय?

३. ती वस्तू मिळालीच नाही असे आज कळले, तर आजवरच्या श्रमांत चांगले असे काय उरते?

४. शोधताना माझ्या हाताला लागले, पण माझे नव्हे म्हणून मी बाजूस ठेवले, असे काही आहे काय? परत जाऊन ते पाहण्यास अद्याप वेळ आहे काय?

चौथ्या प्रश्नाचे उत्तर बहुधा घरातच बसलेले असते. ते आधी शोधावे.